आवाजाच्या ताब्यातली वेळ

कल्पनारम्य कथांमध्ये एक जमात हमखास भेटते: देवळातली घंटा थांबली की जिचा काळच थांबतो, आणि घंटेचा दोर ज्याच्या हातात त्याच्या मुठीत अख्खे गाव. यातली जादू वजा केली तर उरते ते आपल्याकडे घडून गेलेले आहे. घरोघरी घड्याळे येण्याआधी वेळ ऐकूनच कळायची. मग ती वाजवायची कुणी, हा प्रश्न आपोआप सत्तेचा व्हायचा.

जुनी सोय घटिकापात्राची. तळाला बारीक भोक असलेली तांब्याची वाटी पाण्यावर सोडायची. ती भरून बुडाली की एक घटिका, म्हणजे २४ मिनिटे झाली. दिवसरात्र मिळून अशा ६० घटिका आणि आठ प्रहर. पण वाटी बुडाली हे तिच्यापाशी बसलेल्यालाच दिसणार. गावाला कळायचे ते उंचावर टांगलेल्या जाड पितळी थाळीवर टोला पडला की. हे काम करणाऱ्यांचे तपशीलवार वर्णन बाबराने आपल्या आठवणींत केले आहे. पहिल्या घटिकेला एक टोला, दुसरीला दोन, आणि प्रहर संपला की भराभर पुष्कळ टोले. बाबराला यात एक खोट दिसली. रात्री मध्येच जाग आलेल्या माणसाने तीन-चार टोले मोजले, तरी प्रहर कोणता चालू आहे हे त्याला कळत नसे. म्हणून त्याने हुकूम काढला: घटिकांचे टोले झाले की जरा थांबून प्रहराचेही टोले द्यायचे. पानिपतनंतर त्याला इथे राज्य करायला मिळाली जेमतेम साडेचार वर्षे, त्यात लढाया वेगळ्या. तरी या बारकाव्यात त्याने लक्ष घातले.

पेशवाईच्या उत्तरकाळात पुण्यात हे काम तोफेकडे होते, आणि तिथे मामला जरबेचा होता. मराठ्यांच्या चाकरीत राहिलेल्या विल्यम टोन या लष्करी अधिकाऱ्याने लिहून ठेवले आहे की रात्री दहाला तोफ झाली की रस्त्यावर दिसेल त्याला गस्तवाले पकडत, आणि कोतवालाने सोडले नाही तर सकाळपर्यंत अडकवून ठेवत. तोफेआधी जो साधा वाटसरू, तोच तोफेनंतर संशयित.

त्याआधीचा वसईचा प्रकार उलटा. १७३९ मध्ये चिमाजी आप्पांनी वसई घेतली आणि पोर्तुगीज चर्चमधल्या घंटा मराठ्यांच्या हाती लागल्या. नाशिकचे नारोशंकर मंदिर, भीमाशंकर, वाईजवळची मेणवली इथे त्या आजही दाखवतात. चर्चमध्ये घंटा ठरल्या वेळी प्रार्थनेला बोलावते. देवळात आल्यावर तीच घंटा दर्शनाला येणारा कुणीही, केव्हाही वाजवू लागला. धातू तोच, वेळेवरचा हक्क मात्र गेला.

खरी रस्सीखेच झाली मुंबईत. प्रेमचंद रायचंद यांच्या देणगीतून उभा राहिलेला राजाबाई टॉवर १८७८ मध्ये पूर्ण झाला. त्यावरच्या घड्याळाचे टोले मुंबईच्या स्थानिक वेळेचे. सरकारने १८८०च्या दशकाच्या सुरुवातीला मद्रासची वेळ लादून पाहिली, ती लोकांनी चालू दिली नाही. मग १ जानेवारी १९०६ पासून प्रमाणवेळ आली, मुंबईच्या वेळेपेक्षा ३९ मिनिटे पुढे. वकील-व्यापाऱ्यांना हा स्वाभिमानाचा मुद्दा वाटला. महापालिकेत फिरोजशहा मेहतांसारखे लोक विरोधात उभे राहिले आणि मुंबई वेळ शहरात स्वातंत्र्यानंतरही काही वर्षे टिकून राहिली. गिरणीकामगाराचे दुखणे वेगळे होते. भोंगा नव्या घड्याळाने वाजला तर पहाटेची ३९ मिनिटे झोप गेली, तीही काळोखात उठून. त्याच जानेवारीत मुंबईतल्या कामगारांनी या बदलाविरुद्ध काम बंद केले, दगडफेकही झाली. इतिहासात याला वेळेचा वाद म्हणतात. मला तो मजुरीचा वाद वाटतो.

कारण त्याची मुळे आधीची आहेत. नारायण मेघाजी लोखंडे यांनी १८८४ मध्ये परळला सभा घेतली तेव्हा सुमारे साडेपाच हजार कामगारांच्या सह्यांचे निवेदन तयार झाले. मागण्या साध्या होत्या: रविवारी सुट्टी, दुपारी अर्ध्या तासाची विश्रांती, आणि काम सकाळी साडेसहाला सुरू होऊन सूर्यास्ताला थांबावे. भोंगा कधी वाजावा यात आमचेही काही चालले पाहिजे, असेच ते सांगत होते. रविवारची सुट्टी मिळाली १० जून १८९० ला. विश्रांतीचे आणि तासांचे भांडण पुढे कायद्यांतून रेंगाळत राहिले, तोवर गिरण्यांत विजेचे दिवे आले आणि सूर्यास्ताचा आधारही गेला.

१८ जानेवारी १९८२ च्या संपानंतर गिरणगावातले भोंगे एकेक करून बंद पडले. गावाने आपणहून भोंगा लावून घेतल्याचे उदाहरण मात्र त्यानंतरचे आहे. सांगली जिल्ह्यातल्या मोहित्यांचे वडगावमध्ये २०२२ पासून संध्याकाळी सातला देवळावरचा भोंगा वाजतो आणि घराघरांतले टीव्ही, मोबाइल दीड तास बंद ठेवायचे असतात; मुलांनी अभ्यास करावा, माणसांनी एकमेकांशी बोलावे म्हणून. ग्रामपंचायतीने पुढाकार घेतला, आशा सेविका आणि निवृत्त शिक्षक घरोघर फिरले. कुणाला दंड नाही, गस्त नाही. साडेआठला भोंगा पुन्हा होतो.