ग्रीसने फासे कमी टाकले

४ जुलै २००४, लिस्बन. युरो चषकाची फायनल, ५७वं मिनिट. बासिनासचा कॉर्नर आला, पोर्तुगालचा गोलकीपर रिकार्डो पुढे झेपावला, पण चेंडूपर्यंत आधी पोहोचलं ते खारिस्तेयासचं डोकं. १-०! त्याच गोलावर यजमान हरले. स्पर्धेआधी सट्टेबाजांकडे ग्रीसचा भाव होता १५०ला १. कुठल्याही मोठ्या स्पर्धेत तोवर त्यांनी एक सामनाही जिंकला नव्हता.

चमत्कार म्हणून हात झटकता येतात, पण त्यात गणिताची मजा हुकते. कॅरममध्ये मुरलेल्या गड्याच्या आधी नवशिक्याची एखादी सोंगटी जाऊ शकते; अख्खा गेम तो क्वचितच मारतो. डाव जितका लांबेल, तितकं कसब वर येतं आणि नशीब मागे पडतं. फुटबॉलचा डाव मात्र एक-दोन गोलांतच आटोपतो.

अशा विरळ घटनांसाठी फ्रेंच गणिती प्वासाँ याचं सूत्र वापरतात. (१८९८मध्ये ते प्रशियाच्या घोडदळात घोड्यांच्या लाथेने होणाऱ्या मृत्यूंना लावून पाहिलं गेलं. लाथांशी ओळख जुनीच!) समजा, बलाढ्य संघ सामन्याला सरासरी ३ गोल करतो आणि दुबळा १. सूत्रानुसार ९० मिनिटांत दुबळा न हरण्याची शक्यता येते साधारण २२ टक्के. आता दोघांचेही गोल निम्मे करा, दीड आणि अर्धा. ताकदीचं प्रमाण तेच, तरी शक्यता ३८ टक्क्यांवर जाते! खऱ्या मैदानावर गोल इतके सुटेसुटे पडत नाहीत, पण कल बदलत नाही.

ग्रीसचे जर्मन प्रशिक्षक ओटो रेहागेल यांनी नेमकं हेच केलं. हे सूत्र त्यांच्या डोक्यात होतं की नाही, कोण जाणे. सामना गोठवायचा, प्रतिस्पर्ध्याला माणसागणिक माणूस चिकटवायचा (फ्रान्सच्या ऑंरीमागे सेतारिदिस सावलीसारखा होता), मागे उंचापुरा देलास उभा करायचा आणि कॉर्नरची वाट पाहायची. बाद फेरीत फ्रान्स, चेक प्रजासत्ताक, पोर्तुगाल. तिन्ही सामने १-०, तिन्ही गोल हेडरने. कंटाळवाणं म्हणून लोकांनी नाकं मुरडली. मला तर तो धूर्तपणा भारी आवडतो.

वरच्या ३८मध्ये १२ टक्के विजय आणि २६ टक्के बरोबरी. बरोबरीतले निम्मे सामने पुढे जिंकले असं धरलं, तर एक फेरी ओलांडायची शक्यता चारात एक. लागोपाठ तीन फेऱ्या म्हणजे ६४त एक. अवघड खरं, पण अशक्य नाही.

अर्थात, आधी गटातून वर यायला हवं. रशियाविरुद्ध सतराव्या मिनिटालाच ग्रीस ०-२ मागे होता. ४३व्या मिनिटाला व्रिझासने एक गोल फेडला, तरी सामना १-२ असा गेलाच. गुण, आपसातला निकाल, गोलफरक, सगळं स्पेनइतकंच भरलं. जास्त गोल केले म्हणून ग्रीस पुढे गेला. हरलेल्या सामन्यातला तो गोल नसता, तर पुढची फेरी स्पेन खेळला असता.