‘चेशायर होम’ या नावामागचा वैमानिक

मुंबईत अंधेरी पूर्वेला, महाकाली लेण्यांकडे जाणाऱ्या रस्त्यावर, ‘चेशायर होम’ नावाची संस्था आहे. ज्यांना स्वतःचे स्वतः करता येत नाही आणि ज्यांचे करणारे घरी कोणी उरलेले नाही, अशा माणसांसाठी ती उभी राहिली. हे नाव नुसते कानावरून गेलेल्या माणसाला ते कुणा मिशनऱ्याचे वाटते, नाही तर इंग्लंडातल्या चेशायर परगण्यावरून पडलेले वाटते. प्रत्यक्षात ते दुसऱ्या महायुद्धात जर्मनी आणि जर्मनव्याप्त युरोपवर शंभर वेळा बॉम्बहल्ल्याला गेलेल्या एका वैमानिकाचे आडनाव आहे.

लेनर्ड चेशायर यांच्याविषयी जे थोडेफार सांगितले जाते, त्याचा सारांश बहुधा असा असतो की नागासाकीवरचा अणुबॉम्ब त्यांनी डोळ्यांनी पाहिला, त्यांना पश्चात्ताप झाला आणि उरलेले आयुष्य त्यांनी पीडितांच्या सेवेत घालवले. कलिंगाच्या रणभूमीवर उभ्या राहिलेल्या अशोकाची गोष्ट शाळेपासून ऐकत आलेल्या आपल्याला ही कथा पटायला वेळ लागत नाही. ती घडलेल्या गोष्टींशी मात्र जुळत नाही. चेशायर यांनी आपल्या युद्धातल्या कामगिरीबद्दल कधी माफी मागितली नाही, आणि त्यांच्या सेवाकार्याची सुरुवात जपानमध्ये झाली नाही. ती इंग्लंडातल्या हॅम्पशायर परगण्यातल्या एका कर्जबाजारी वाड्यात झाली.

त्यांचा जन्म ७ सप्टेंबर १९१७ रोजी चेस्टर येथे झाला. वडील ऑक्सफर्डमध्ये कायद्याचे नामवंत प्राध्यापक होते. मुलानेही तिथल्या मर्टन कॉलेजात कायद्याचीच पदवी घेतली, परंतु त्याचे मन पुस्तकांपेक्षा वेगवान मोटारींत आणि विद्यापीठाच्या हवाई पथकात अधिक रमत होते. १९३९ मध्ये युद्ध सुरू झाले तेव्हा उडायला शिकलेला हा पदवीधर हवाई दलाला आयताच मिळाला.

जून १९४० मध्ये यॉर्कशायरमधल्या ड्रिफील्ड तळावर ते व्हिटली जातीची दोन इंजिनांची बॉम्बफेकी विमाने चालवू लागले. त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये कोलोनच्या परिसरात विमानविरोधी तोफेचा गोळा लागून विमानातच ठेवलेला प्रकाशगोळा पेटला, विमानाच्या अंगाला मोठे भगदाड पडले आणि बिनतारी यंत्रावरचा कोवळा सहकारी भाजून निघाला. चेशायर यांनी त्या अवस्थेतले विमान समुद्र ओलांडून परत आणले आणि या कामगिरीबद्दल त्यांना डीएसओ हा सन्मान मिळाला. ब्रिटनच्या बॉम्बर कमांडमध्ये युद्धकाळात विमानांतून गेलेल्या सुमारे सव्वा लाख जणांपैकी ५५,५७३ जण मारले गेले. साधारण तीस मोहिमांनंतर वैमानिकाला विश्रांतीसाठी मागे घेतले जाई, कारण त्यापुढे जगण्याची शक्यताच फार उरत नसे. हे आकडे लक्षात घेतले म्हणजे शंभर मोहिमांचा अर्थ कळतो.

त्यांच्या शौर्याची वर्णने पुष्कळ झाली आहेत. त्यांच्यातला कामाचा माणूस त्या मानाने दुर्लक्षित राहिला. ते ७६ व्या स्क्वाड्रनचे प्रमुख असताना हॅलिफॅक्स ही बॉम्बफेकी विमाने मोठ्या संख्येने पडत होती, तेव्हा त्यांनी पुढचे आणि पाठीवरचे तोफेचे घुमट काढून टाकून विमाने हलकी केली. शत्रूवर गोळ्या झाडण्यापेक्षा लवकर निसटता येणे अधिक उपयोगाचे, हा त्यामागचा सरळ हिशोब होता. वयाच्या पंचविसाव्या वर्षी ते ग्रुप कॅप्टन झाले, हवाई दलातले त्या हुद्द्यावरचे सर्वांत तरुण अधिकारी. हुद्द्याबरोबर टेबलावरचे काम आले आणि त्यात त्यांचा जीव रमेना. म्हणून १९४३ च्या उत्तरार्धात त्यांनी आपण होऊन एक पायरी खाली उतरून ६१७ व्या स्क्वाड्रनची सूत्रे घेतली. जर्मनीतली धरणे फोडून याच स्क्वाड्रनने त्या वर्षीच्या मे महिन्यात नाव मिळवले होते.

त्या काळच्या रात्रीच्या बॉम्बहल्ल्यांची मोठी अडचण अचूकतेची होती. पंधरा-वीस हजार फुटांवरून, ढगाआडून, तोफांच्या माऱ्यात बॉम्ब टाकायचा म्हणजे तो कारखान्याऐवजी शेजारच्या वस्तीवर पडण्याची शक्यता मोठी, आणि फ्रान्समध्ये ती वस्ती मित्रांची होती. लक्ष्यावर आधी रंगीत ज्योतीच्या खुणा टाकून मागून येणाऱ्या विमानांना दाखवायचे, ही पद्धत रूढ होतीच, पण त्या खुणाही उंचावरूनच टाकल्या जात. चेशायर यांचे म्हणणे असे की खूण करणाऱ्याने छपरांच्या उंचीपर्यंत खाली उतरले पाहिजे. वरिष्ठांना हा शुद्ध आत्मघात वाटला.

फेब्रुवारी १९४४ मध्ये लिमोझ शहरातल्या ग्नोम-रोन या विमान-इंजिनांच्या कारखान्यावर त्यांना ही पद्धत आजमावता आली. रात्रपाळीला फ्रेंच कामगार होते, त्यांत स्त्रिया बहुसंख्य. कारखान्याभोवती घरेही होती. चेशायर यांनी आपले चार इंजिनांचे लँकास्टर विमान कारखान्याच्या छपरावरून अगदी खालून घोंघावत नेले, वळवून पुन्हा नेले आणि तिसऱ्यांदाही नेले, जेणेकरून आतल्या माणसांनी संकट ओळखून बाहेर पळावे. अचानक हल्ला करण्याचा सगळा फायदा त्यांनी असा हातचा घालवला. माणसे आश्रयाला धावल्यावर त्यांनी खुणेच्या ज्योती टाकल्या आणि मागच्या विमानांनी कारखाना उद्ध्वस्त केला. एप्रिलमध्ये म्युनिकवर त्यांनी छोट्या, चपळ मॉस्किटो विमानातून सर्चलाइटच्या झोतांत सातशे फुटांपर्यंत उतरून हेच केले. जूनमध्ये त्यांना अमेरिकनांकडून एकट्याने चालवायचे मस्टँग मिळाले. ते पेट्यांतून आलेले विमान जोडले गेले त्याच दिवशी, त्यात एकदाही सरावाचे उड्डाण न करता, ते फ्रान्समधल्या सिराकूर येथील जर्मन उडत्या बॉम्बच्या तळावर खुणा करायला गेले. म्हणजे त्या विमानाचे त्यांचे पहिले उड्डाण लढाईचे होते आणि पहिले उतरणे अंधारातले.

सप्टेंबर १९४४ मध्ये त्यांना व्हिक्टोरिया क्रॉस हा ब्रिटनचा सर्वोच्च शौर्यसन्मान जाहीर झाला. हा सन्मान सहसा एखाद्या विशिष्ट प्रसंगातल्या पराक्रमासाठी दिला जातो. चेशायर यांना तो चार वर्षे सातत्याने दाखवलेल्या धैर्यासाठी मिळाला. हे मानपत्रातले वेगळेपण पुढच्या आयुष्याकडे पाहतानाही ध्यानात ठेवण्याजोगे आहे.

त्यानंतर त्यांची नेमणूक कलकत्त्याच्या ईस्टर्न एअर कमांडमध्ये झाली आणि तिथून वॉशिंग्टनला. ९ ऑगस्ट १९४५ रोजी ब्रिटनचे निरीक्षक म्हणून शास्त्रज्ञ विल्यम पेनी आणि चेशायर एका अमेरिकन बी-२९ बॉम्बफेकी विमानात होते. हे विमान याकुशिमा बेटावरच्या ठरलेल्या जागी बॉम्ब नेणाऱ्या विमानाला गाठू शकले नाही, त्यामुळे नागासाकीवर स्फोट झाला तेव्हा ते पुष्कळ दूर होते आणि त्यांना मुख्यतः वर चढत जाणारा ढग दिसला. ते दृश्य त्यांच्या मनातून गेले नाही, हे खरे. परंतु त्यातून त्यांनी काढलेला निष्कर्ष लोककथेतल्यासारखा नव्हता. बॉम्बमुळे युद्ध लवकर संपले आणि अण्वस्त्रांचा धाक शांततेसाठी लागतोच, हे त्यांचे मत अखेरपर्यंत टिकले. अण्वस्त्रविरोधी चळवळीतल्या मंडळींना ते कधीच मानवले नाही.

१९४६ च्या आरंभी ते हवाई दलातून बाहेर पडले. युद्धात एका उद्दिष्टासाठी खांद्याला खांदा लावून झटणारी माणसे शांततेत एकटी पडतात, असे त्यांना दिसत होते. त्यातून माजी सैनिकांनी एकत्र राहून शेती व छोटे उद्योग करावेत, अशी एक वसाहत त्यांनी काढली. ती पुढे हॅम्पशायरमधल्या ल कोर्ट या जुन्या, मोठ्या वाड्यात आली आणि अल्पावधीत बुडाली. पैशाचा हिशोब जमला नाही, माणसांचे आपसांत जमले नाही, आणि चेशायर स्वतः आजारी पडून कॅनडात होते. परत आल्यावर हाती राहिला तो रिकामा वाडा आणि त्यावरचे कर्ज.

१९४८ मध्ये त्यांना निरोप आला की आर्थर डाइक्स नावाचा, वसाहतीत डुकरे सांभाळणारा हवाई दलातला एक माजी सैनिक, इस्पितळात आहे. त्याला कर्करोग झाला होता, वाचण्याची आशा नव्हती आणि इस्पितळाला खाट रिकामी हवी होती. त्याला घ्यायला कोणी तयार नव्हते. खुद्द डाइक्सची मागणी एवढीच होती की वसाहतीच्या जागेत आपली राहण्याची गाडी उभी करू द्यावी. आपला आजार किती पुढे गेला आहे, हे त्याला ठाऊक नव्हते. ते सांगण्याचे काम चेशायर यांच्यावर आले, आणि सांगून झाल्यावर त्यांनी त्याला ल कोर्टला नेले.

पुढचे तीन महिने शंभर मोहिमांचा हा वैमानिक त्या प्रचंड वाड्यात एका माणसासाठी स्वयंपाक करीत होता, त्याचे अंग पुसत होता, चादरी धूत होता, रात्री हाक आली की उठत होता. शुश्रूषेचे कसलेही शिक्षण त्यांनी घेतलेले नव्हते. डाइक्स जिवंत असतानाच अंथरुणाला खिळलेली नव्वदीतली एक आजी तिथे आली, आणि तीही तशीच, तिला ठेवायला दुसरी जागा नव्हती म्हणून. ऑगस्टमध्ये डाइक्स गेला. तो कॅथलिक होता. त्याच्या सहवासात चेशायर धर्माकडे वळले आणि त्या वर्षीच्या नाताळच्या आदल्या दिवशी त्यांनी कॅथलिक पंथ स्वीकारला. वर्षभरात वाड्यात सुमारे दोन डझन माणसे झाली. नोकरचाकर नव्हते, ज्यांचे पाय चालत ते न चालणाऱ्यांचे करीत. या सगळ्यामागे कोणतीही योजना नव्हती, आणि योजना आखून काढलेली वसाहत बुडाल्यानंतर न आखलेले हे घर टिकले, याचे मला तरी नवल वाटते.

दुसरे घर कॉर्नवॉलमध्ये निघाले, तेही असेच. चेशायर तिथे बार्न्स वॉलिस यांच्या विमानविषयक प्रयोगांवर नोकरी करीत होते. ६१७ व्या स्क्वाड्रनचे धरणफोडे बॉम्ब आणि नंतरचे पाच टनी बॉम्ब यांचे रचनाकार ते हेच वॉलिस. प्रेडानॅकच्या त्या विमानतळावरची एक पडीक इमारत चेशायर यांनी रुग्णांसाठी मिळवली. १९५२ मध्ये त्यांना क्षयरोग झाला, फुप्फुसावर शस्त्रक्रिया झाल्या, आणि दोनेक वर्षे ते मिडहर्स्टच्या आरोग्यधामात पडून होते. घरांची संख्या त्या काळातही वाढतच राहिली, कारण एव्हाना गावोगावच्या स्थानिक समित्या ती चालवू लागल्या होत्या.

ब्रिटनबाहेरचे पहिले चेशायर होम मुंबईत अंधेरीला, पन्नासच्या दशकाच्या मध्यावर निघाले. अंधेरीचा तो भाग तेव्हा शहरात गणला जात नव्हता. मुंबईशी त्यांचा दुसरा संबंध घरगुती आहे. ५ एप्रिल १९५९ रोजी त्यांचा सू रायडर यांच्याशी विवाह मुंबईत कॅथलिक विधीने झाला. सू रायडर युद्धकाळात पोलिश गुप्त कारवायांशी संबंधित विभागात होत्या आणि युद्धानंतर छळछावण्यांतून सुटलेल्या माणसांसाठी त्यांनी स्वतःची संस्था उभी केली होती. दोघांनी मिळून त्याच वर्षी देहरादूनला, रिस्पना नदीच्या काठी, ‘राफाएल’ हे केंद्र सुरू केले. कुष्ठरोगी आणि मतिमंद मुले ही त्या काळी कुणालाच नको असलेली माणसे तिथे राहू लागली. लग्नानंतर हे जोडपे ऑस्ट्रेलिया आणि न्यूझीलंडमध्ये हिंडले ते या केंद्रासाठी पैसे गोळा करायला, आणि त्या दौऱ्यातून तिथे मदत मंडळे उभी राहिली.

या कार्याचा इतिहास नुसत्या कौतुकाने सांगितला तर तो अपुरा राहतो. घरे वाढली तशा समित्या आल्या, मेट्रन म्हणजे परिचारिकांच्या प्रमुख आल्या, नियम आले. साठच्या दशकात ल कोर्टमध्येच रहिवासी आणि व्यवस्थापन यांच्यात खटके उडू लागले. आपण कधी झोपायचे, बाहेर जाताना परवानगी का मागायची, हे प्रौढ माणसांचे प्रश्न होते. तरुण वयात स्नायूंच्या विकारामुळे तिथे आलेले पॉल हंट हे त्यांतले आघाडीचे. बाहेर पडल्यावर सप्टेंबर १९७२ मध्ये त्यांनी ‘गार्डियन’ला पत्र लिहून अपंगांनी स्वतःची संघटना बांधावी, असे आवाहन केले. त्यातून उभ्या राहिलेल्या संघटनेने अशी भूमिका मांडली की शरीरातला दोष वेगळा आणि समाजाने घातलेल्या अडथळ्यांमुळे येणारे अपंगत्व वेगळे. अपंगांच्या हक्कांची आज जगभर बोलली जाणारी भाषा पुष्कळशी इथून आली. निराधारांना आसरा देणाऱ्या घरातूनच ‘आम्हाला आसरा नको, आमच्या घरात राहण्याची सोय हवी’ अशी मागणी निघावी, हा चेशायर यांच्या कार्याचा अनपेक्षित पण महत्त्वाचा परिणाम आहे. चेशायर यांच्या नावाच्या संस्थेला पुढे स्वतंत्र राहणीसाठी साहाय्य देण्याच्या दिशेने वळावे लागले.

१९८१ मध्ये त्यांना ‘ऑर्डर ऑफ मेरिट’ हा दुर्मीळ सन्मान मिळाला. अखेरच्या वर्षांत चेतापेशींच्या असाध्य विकाराने त्यांचे स्वतःचे हातपाय निकामी होत गेले आणि ज्या चाकाच्या खुर्च्यांसाठी त्यांनी देशोदेशी पैसा उभा केला, तशाच एका खुर्चीत ते बसले. ३१ जुलै १९९२ रोजी त्यांचे निधन झाले. त्याच्या आदल्या वर्षी त्यांना उमरावपद देण्यात आले होते. अशा वेळी पदवीला एखाद्या गावाचे नाव जोडायचे असते. चेशायर यांनी ल कोर्टच्या परिसरातले नाव घेतले नाही की देहरादूनचे घेतले नाही. त्यांनी ‘वुडहॉल’ हे नाव घेतले. लिंकनशायरमधल्या वुडहॉलच्या धावपट्टीवरून १९४४ मध्ये ६१७ वे स्क्वाड्रन उडत असे.