पायरेटेड पिक्चरमध्ये लपलेला थेटरचा पत्ता

थेटरात मोबाईलने शूट केलेला पिक्चर दुसऱ्या दिवशी टेलिग्रामवर फिरायला लागतो, मधे कुणाचं तरी डोकं येतं, आवाज घुमतो, आणि टाकणाऱ्याला वाटतं आपल्याला कोण पकडणार. पण त्या फालतू कॉपीतच थेटरचा नंबर आणि शोची वेळ लपलेली असू शकते, मला तर हे तंत्र जाम भारी वाटतं.

आता रिळं येत नाहीत, पिक्चर कुलूपबंद फाईल म्हणून येतो आणि त्याची डिजिटल चावी थेटरातल्या ठराविक सर्व्हरवर, ठराविक तारखांपुरतीच चालते. हा सर्व्हर पिक्चर उलगडताना चित्रात नि आवाजात इतका बारीक फरक करत जातो की आपल्याला काही कळतच नाही. हॉलिवूडच्या मोठ्या स्टुडिओंनी 2005 मध्ये जे नियम काढले त्यात ही फरकांची खूण 35 बिटची आहे (बिट म्हणजे एक 0 किंवा 1), 16 बिट वेळेचे आणि 19 बिट जागेचे, 19 बिट म्हणजे 5,24,288 वेगवेगळे नंबर! वेळेचा आकडा दर 15 मिनिटांनी बदलतो आणि अख्खी खूण प्रत्येक 5 मिनिटांच्या भागात असतेच, त्यामुळे अख्खा पिक्चर हाती लागायची गरज नसते. ती एका कोपऱ्यातल्या लोगोसारखी नसते, बऱ्याच फ्रेम्सवर पसरलेली असते, म्हणून कडा कापल्या, क्वालिटी पाडली तरी सहजासहजी जात नाही.

ओटीटीवर तर अजून डोकं लावलंय. तिथे पिक्चर काही सेकंदांच्या तुकड्यांत येतो, काही कंपन्या प्रत्येक तुकड्याच्या दोन आवृत्त्या करून ठेवतात, दिसायला सारख्या पण आतली खूण वेगळी, आणि कुठल्या अकाउंटला कुठल्या तुकड्याची कुठली आवृत्ती पाठवायची हे ठरलेलं असतं. नुसत्या 30 तुकड्यांत 107 कोटींच्या वर क्रम बनतात, म्हणजे प्रत्येक अकाउंटचा क्रम वेगळा ठेवता येतो आणि लीक झालेल्या कॉपीवरून अकाउंट शोधता येतं.

आपल्याकडे 2023 च्या कायदा दुरुस्तीनंतर थेटरात चोरून रेकॉर्डिंग करणाऱ्याला 3 महिने ते 3 वर्षं कैद आहे, दंड किमान 3 लाख आणि जास्तीत जास्त पिक्चरच्या निर्मितीखर्चाच्या 5 टक्क्यांपर्यंत.

आणि बघणाऱ्यांनो, पायरेटेड पिक्चरच्या साईटवर प्ले दाबलं की भलतंच पान उघडतं ना, बऱ्याचदा ते बटणच खोटं असतं, खाली जाहिरात असते, साईटची कमाई त्यातूनच. 'प्लेअर अपडेट करा' म्हणून एपीके (अँड्रॉइड ॲप टाकायची फाईल) आली तर प्लीज टाकू नका, तसली फाईल एसएमएसची परवानगी घेते आणि बँकेचे ओटीपी वाचू शकते.

फुकटच बघायचं तर सरळ मार्गही आहेत की. प्रसार भारतीने नोव्हेंबर 2024 मध्ये गोव्याच्या इफ्फी चित्रपट महोत्सवात 'वेव्ज' ॲप आणलंय, यूट्यूबवर निर्मात्यांच्या स्वतःच्या चॅनेलवर कितीतरी मराठी पिक्चर अख्खे आहेत. शिवाय आपल्या कायद्यात पिक्चरचा कॉपीराइट प्रदर्शनाच्या पुढच्या वर्षापासून 60 वर्षांचा, त्यामुळे फाळक्यांचा 1913 चा 'राजा हरिश्चंद्र', जेवढा शिल्लक आहे तेवढा, कुणीही बिनधास्त बघावा आणि मित्रांना पाठवावा.