पूर्वग्रह आणि भेदभाव: एकाचा पुरावा दुसऱ्याला चालत नाही

पूर्वग्रह म्हणजे एखाद्या वंशाच्या लोकांबद्दल आधीच बांधलेलं मत. भेदभाव म्हणजे वंश पाहून नाकारलेली नोकरी, खोली किंवा कर्ज. इथवर गोंधळ नसतो. गोंधळ होतो तो मोजताना.

अमेरिकी समाजशास्त्रज्ञ रिचर्ड लापियर १९३०च्या सुमारास एका तरुण चिनी जोडप्यासोबत मोटारीने अमेरिकाभर फिरले. तेव्हा तिथे चिन्यांविरुद्ध उघड द्वेष होता. २५१ हॉटेलं, खानावळी आणि मुक्कामाच्या जागांपैकी फक्त एका ठिकाणी त्यांना नकार मिळाला. सहा महिन्यांनी त्याच ठिकाणी पत्रं गेली: चिनी ग्राहक घ्याल का? उत्तरं आली १२८. त्यांतल्या ९० टक्क्यांहून अधिक जणांनी ‘नाही’ कळवलं. अभ्यासात भोकं आहेत. पत्राला उत्तर देणारा आणि काउंटरवर उभा असलेला माणूस एकच होता, हे कशावरून? शिवाय जोडप्याबरोबर एक गोरा प्राध्यापक होता. तरी कागदावरचा नकार दारात टिकला नाही, एवढं खरं.

याच्या नेमकं उलटही घडतं, आणि ते जास्त घातक. समाजशास्त्रज्ञ डेव्हा पेजर यांनी अमेरिकेतल्या मिलवॉकी शहरात दोन जोड्या नोकरीसाठी पाठवल्या, एक गोऱ्या तरुणांची, एक कृष्णवर्णीयांची. शिक्षण, अनुभव, बोलणं-वागणं शक्य तितकं सारखं. प्रत्येक जोडीत एकाच्या अर्जात अमली पदार्थांच्या गुन्ह्यासाठी भोगलेली कैद दाखवलेली असे. ही भूमिका दोघांत आलटूनपालटून दिली जाई, नाहीतर फरक गुन्ह्याचा की माणसाचा हे कळलं नसतं. २००३ साली आकडे छापून आले. मालकांकडून पुन्हा बोलावणं येण्याचं प्रमाण असं: स्वच्छ नोंदीचा गोरा ३४ टक्के, कैद भोगलेला गोरा १७, स्वच्छ नोंदीचा कृष्णवर्णीय १४, कैद भोगलेला कृष्णवर्णीय ५. दुसरा आणि तिसरा आकडा शेजारी ठेवून पाहा.

पुढे याच मालकांना फोनवर विचारलं, अशी कैद भोगलेला उमेदवार नोकरीला घ्याल का? उत्तर देणाऱ्यांपैकी ६० टक्क्यांहून अधिक जण ‘बहुधा घेऊ’ म्हणाले, आणि प्रश्नातला उमेदवार गोरा असो वा कृष्णवर्णीय, प्रमाण जवळपास सारखंच. म्हणजे सर्वेक्षणातली सुधारलेली मतं दाखवून ‘भेदभाव संपत आला’ म्हणणं हा चुकीच्या मापाने काढलेला निष्कर्ष.

अमेरिकी समाजशास्त्रज्ञ रॉबर्ट मर्टन यांनी १९४९ मध्येच या दोन गोष्टी वेगळ्या धरून माणसांचे चार प्रकार मांडले होते. दोन सरळ आहेत. मधले दोन कामाचे. एक, मनात आकस नसूनही गिऱ्हाईक तुटेल किंवा शेजारी नावं ठेवतील म्हणून भेदभाव करणारा. दुसरा, मनात आकस असूनही कायद्याच्या धाकाने नीट वागणारा. पहिल्याला प्रबोधनाचे वर्ग देणं फुकट आहे; त्याला भोवतालच्यांचा पाठिंबा लागतो. दुसऱ्यावरचा कायद्याचा धाक सुटला की तो मूळपदावर येतो.

आणि कधीकधी कुणाच्या मनात डोकावायची गरजच नसते. गृहकर्जांना विमा देणारी अमेरिकी सरकारी संस्था म्हणून १९३४ साली स्थापन झालेल्या फेडरल हाउसिंग ॲडमिनिस्ट्रेशनच्या नियमांत वस्तीतल्या लोकांचा वंश हा गृहकर्जाच्या विम्याची जोखीम ठरवण्याचा एक निकष होता. टेबलावरचा कारकून कितीही उदार असला, तरी पुस्तकातला नियम पाळून तो अर्ज फेटाळू शकत होता.