रेसिंग गेमचे रिपॅक

रिपॅक म्हणजे संगणकावरील गेमच्या फाइली मूळ डिस्कपेक्षा घट्ट दाबून, वेगळ्या इन्स्टॉलरसह पुन्हा बांधलेला संच. २००० नंतरच्या दशकातल्या रेसिंग गेमचे रिपॅक विशेष दिसतात, कारण हे गेम साध्या ग्राफिक्स कार्डवरही चालतात आणि विकत मात्र मिळेनासे झाले आहेत. गाड्यांचे व गाण्यांचे परवाने मुदतीचे असल्याने या प्रकारावर ही वेळ लवकर येते. ‘नीड फॉर स्पीड’ मालिकेतले कार्बन, अंडरकव्हर, शिफ्ट, शिफ्ट २ आणि द रन हे गेम प्रकाशक कंपनी ईएने (इलेक्ट्रॉनिक आर्ट्स) ३१ मे २०२१ रोजी डिजिटल विक्रीतून काढले. विक्री थांबली तरी प्रताधिकार उरतोच. परवानगीविना वाटलेला रिपॅक बेकायदाच ठरतो.

आकार घटतो तो दोन रीतींनी. पहिलीत काहीही गमावले जात नाही: सेव्हन-झिप या फाइली दाबणाऱ्या सॉफ्टवेअरमधली एलझेडएमए पद्धत किंवा तसलेच फ्रीआर्क वापरून पुनरावृत्ती काढली जाते. गेमच्या आत आधीच झेडलिब या दाबण्याच्या साधनाने दाबलेला डेटा असेल, तर प्रीकॉम्पसारखे साधन तो आधी मोकळा करते, मग सगळे एकत्र दाबले जाते. ट्रॅक, मॉडेल आणि टेक्स्चर यात बरेच आटतात. व्हिडिओ जवळपास तसेच राहतात, कारण त्यांच्यात दाबण्याजोगे काही उरलेले नसते.

दुसरी रीत कापाकापीची, तिला ‘रिप’ म्हणतात. याच मालिकेतल्या २००५ च्या ‘मोस्ट वाँटेड’ला सुमारे ३ जीबी जागा लागते, त्यातले व्हीपी६ स्वरूपातले व्हिडिओ आणि गाणी काढली की आकडा झपाट्याने उतरतो. व्हिडिओच्या जागी त्याच नावाची छोटी फाइल ठेवली नाही, तर गेम नेमका तिथे अडकू शकतो. हाच गेम पूर्णच्या पूर्ण १० एमबीत देण्याचा दावा मात्र सरळ खोटा. अशा फाइलीत बहुधा मालवेअर किंवा दुसऱ्या डाउनलोडची पायवाट निघते.

इन्स्टॉल करताना ‘आयएसडन डॉट डीएलएल’ किंवा ‘अनआर्क डॉट डीएलएल’ (इन्स्टॉलर वापरतो त्या सहायक फाइली) यांची चूक आली, की लोक ती डीएलएल शोधत बसतात, दोष सहसा तिच्यात नसतो. डाउनलोड अर्धवट असते, अँटिव्हायरसने एखादी फाइल उचललेली असते, किंवा रॅम अपुरी पडते. एलझेडएमएची डिक्शनरी, म्हणजे पुनरावृत्ती शोधण्यासाठी लक्षात ठेवलेला डेटा, ५१२ एमबीची असेल, तर उलगडतानाही साधारण तेवढी मोकळी रॅम हवी. पहिल्यांदा एमडी५, म्हणजे फाइल पूर्ण व अबाधित आहे का हे सांगणारा सांकेतिक आकडा, जुळवावा. डिस्कवर दाबलेला संच आणि उलगडलेला गेम, दोन्हींना एकाच वेळी जागा लागते. फोल्डरचे नाव छोटे आणि रोमन अक्षरांत ठेवावे, जुन्या साधनांना देवनागरी मार्ग अनेकदा पचत नाही.

मूळ डिस्क जवळ असूनही अडचण येते ती सेफडिस्क या नक्कल रोखणाऱ्या संरक्षणामुळे: विंडोज १० त्याचा ड्रायव्हर चालवत नाही. शिवाय इन्स्टॉल झालेले फोल्डर नुसते दुसऱ्या संगणकावर उचलून ठेवले, तर रजिस्ट्रीतल्या (विंडोजच्या सेटिंगच्या नोंदवहीतल्या) नोंदी मागे राहतात आणि गेम सुरू होत नाही. ‘मोस्ट वाँटेड’मध्ये रुंद पडद्याचा पर्याय नाही, म्हणून १६:९ वर चित्र ताणले जाते, वाइडस्क्रीन फिक्स या दुरुस्ती-संचातली ‘डीइनपुट८ डॉट डीएलएल’ आणि ‘स्क्रिप्ट्स’ फोल्डर गेम सुरू करणाऱ्या ‘स्पीड डॉट ईएक्सई’शेजारी ठेवले की ते सुटते.