'ध्रुवांजवळ चपटी' म्हणजे किती चपटी? एका विशेषणाची पार्श्वभूमी

'पृथ्वी दोन्ही ध्रुवांजवळ किंचित चपटी व विषुववृत्ताजवळ फुगीर आहे' हे वाक्य मराठी शाळेत भूगोल शिकलेल्या बहुतेकांना तोंडपाठ असतं. त्यातला 'चपटी' हा शब्द मात्र अलीकडे अडचणीत सापडला आहे. पृथ्वी गोल नाहीच, असा दावा करणाऱ्यांचे व्हिडिओ मोबाइलवर फिरू लागले आणि त्यांच्याही मताला मराठीत सर्रास 'चपटी पृथ्वी' म्हटलं जाऊ लागलं. त्या मंडळींना 'सपाट' हा शब्द पुरेसा आहे. भूगणितातलं, म्हणजे पृथ्वीचा आकार मोजण्याच्या शास्त्रातलं, 'चपटी' हे विशेषण वेगळं आहे. ते गोलपणा नाकारत नाही, गोल कोणत्या दिशेने आणि किती दबलेला आहे ते सांगतं.

लंबवर्तुळ त्याच्या लहान अक्षाभोवती फिरवलं की जो घन आकार तयार होतो तो चपटा गोलाभ. तेच लंबवर्तुळ मोठ्या अक्षाभोवती फिरवलं तर लांबट गोलाभ. चपटेपणा मोजायचा तर विषुववृत्तीय त्रिज्येतून ध्रुवीय त्रिज्या वजा करायची आणि उरलेल्याला विषुववृत्तीय त्रिज्येने भागायचं. पृथ्वीसाठी या त्रिज्या ६,३७८.१३७ आणि ६,३५६.७५२ किलोमीटर आहेत. फरक साधारण २१.४ किलोमीटरचा, म्हणून चपटेपणा सुमारे १/२९८. तीस सेंटिमीटर व्यासाच्या पृथ्वीगोलावर हा फरक दाखवायचा तर व्यासात एक मिलिमीटर कमी करावा लागेल. वर्गात संत्र्याचा दाखला देतात तो त्यामुळे फार फुगवलेला आहे. नागपुरी संत्र्याइतका चपटेपणा हवा असेल तर शनीकडे जावं, त्याचा जवळपास १/१० आहे. डोळ्याला पृथ्वी गोलच दिसते आणि दिसायलाही हवी.

आर्यभटापासून पुढच्या भारतीय ज्योतिषगणितात पृथ्वी पूर्ण गोल धरलेली आहे, ग्रीकांकडेही तेच. तेव्हाच्या मोजमापांची अचूकता पाहता एवढा बारीक चपटेपणा हाती लागणं शक्यच नव्हतं. प्रश्न उभा राहिला तो सतराव्या शतकाच्या उत्तरार्धात, आणि तोही एका घड्याळामुळे.

१६७२ साली पॅरिसहून एक निरीक्षक दक्षिण अमेरिकेतल्या काएन इथे गेला. हे ठिकाण विषुववृत्तापासून जेमतेम पाच अंश उत्तरेला आहे. पॅरिसमध्ये नीट लावलेलं लंबकाचं घड्याळ तिथे दिवसाला सुमारे अडीच मिनिटं मागे पडू लागलं. सेकंदाचा ठोका बरोबर पडावा म्हणून लंबक पावणेतीन मिलिमीटरच्या आसपास आखूड करावा लागला. विषुववृत्ताजवळ गुरुत्वाची ओढ कमी भरते, असा त्याचा सरळ अर्थ. न्यूटनने हाच धागा पकडला. फिरणारी पृथ्वी मध्यावर फुगलेलीच असणार असं त्याने मांडलं आणि चपटेपणा १/२३० काढला. त्याच सुमारास हॉलंडमधल्या एका गणितज्ञाने वेगळ्या गृहीतावर १/५७८ काढला. आकड्यांत एवढी तफावत असली तरी दिशेवर दोघांचं एकमत होतं.

पॅरिसच्या वेधशाळेतून मात्र नेमका उलटा निकाल आला. फ्रान्सच्या उत्तर टोकापासून दक्षिण टोकापर्यंत रेखावृत्ताची मोजणी १७१८ मध्ये पुरी झाली. पॅरिसच्या दक्षिणेकडे अक्षांशाच्या एका अंशाची लांबी ५७,०९७ त्वाझ भरली आणि उत्तरेकडे ५६,९६० (एक त्वाझ म्हणजे १.९४९ मीटर). म्हणजे उत्तरेला जावं तसा अंश आखूड होतो. त्यावरून वेधशाळेने जाहीर केलं की पृथ्वी चपटी नसून लांबट आहे.

वादाची खरी गुंतवळ इथे आहे, आणि आजही वर्गात हा मुद्दा काढला की अर्धी मुलं चुकीच्या बाजूला जातात. ध्रुवांजवळ पृथ्वी चपटी असेल तर तिथला अंश लांब असेल की आखूड? पहिलं उत्तर येतं 'आखूड'. ध्रुव केंद्राच्या जवळ आहे, तिथली त्रिज्या लहान, मग एका अंशाचा कंसही लहान असणार. हे गणित चुकीचं नाही, पण ते भलत्याच कोनाचं आहे. त्यात कोन पृथ्वीच्या केंद्राशी धरलेला आहे, आणि मोजणी करणारा माणूस केंद्राशी जाऊन बसत नाही. तो जमिनीवर उभा राहतो, ओळंबा सोडतो आणि एखादा तारा त्या ओळंब्याच्या रेषेपासून किती कललेला दिसतो ते पाहतो. नंतर उत्तरेकडे चालत जातो आणि तोच तारा एका अंशाने सरकला की थांबतो. त्याचा अंश म्हणजे ओळंबा एका अंशाने वळण्यासाठी चालावं लागलेलं अंतर. जिथे पृष्ठभाग जास्त वाकलेला, तिथे थोडं चाललं तरी ओळंबा वळतो. जिथे पृष्ठभाग कमी वाकलेला, म्हणजे चपटा, तिथे ओळंबा तेवढाच वळवायला जास्त चालावं लागतं. म्हणून चपट्या पृथ्वीवर ध्रुवाकडचा अंश लांब, आणि लांबट पृथ्वीवर आखूड. आजचे आकडे पाहिले तर विषुववृत्ताजवळ अंश ११०.५७ किलोमीटरचा आहे आणि ध्रुवाजवळ १११.६९ किलोमीटरचा.

त्या काळच्या चांगल्या शिकल्यासवरल्या लोकांचीही या जागी गफलत होत असे. वेधशाळेची ती झाली नव्हती, हे तिच्या बाजूने सांगायला हवं. अंश आखूड होत असेल तर पृथ्वी लांबट, हा तिचा तर्क बिनचूक होता. बिघडली होती ती मोजणी. दक्षिण आणि उत्तरेच्या अंशांतला १३७ त्वाझांचा फरक, म्हणजे अडीच-पावणेतीनशे मीटर, हा त्या काळच्या उपकरणांच्या चुकीच्या मर्यादेतच होता. एकाच देशातल्या लागोपाठच्या अंशांची तुलना करून एवढ्या मोठ्या प्रश्नाचा निकाल लावणं धाडसाचं होतं, आणि पुढची वीस वर्षं त्या निकालाला चिकटून बसणं तर हट्टच होता.

शेवटी फ्रान्सच्या राजसत्तेने दोन तुकड्या दोन टोकांना धाडल्या. १७३५ साली एक निघाली विषुववृत्ताकडे, म्हणजे तेव्हाच्या पेरूत, आजच्या इक्वेडोरमध्ये. पुढच्या वर्षी दुसरी गेली लॅपलँडला, आर्क्टिक वर्तुळाच्या आसपास. लॅपलँडच्या तुकडीने आधाररेषा (पुढच्या त्रिकोणांच्या हिशेबाचा पाया म्हणून जमिनीवर प्रत्यक्ष मोजायची रेषा) मोजली ती टोर्न नदीच्या गोठलेल्या पात्रावर, डिसेंबरमध्ये, देवदाराच्या लाकडी दांड्या टोकाला टोक लावत. थंडी अशी की ब्रँडी तेवढी पातळ राहत होती. साडेचौदा किलोमीटरच्या आसपासची ती रेषा दोन गटांनी स्वतंत्रपणे मोजली आणि दोघांच्या आकड्यांत फक्त चार इंचांचा फरक आला. तिथला अंश भरला ५७,४३७ त्वाझ. १७३७ मध्ये ही तुकडी परतली आणि पृथ्वी चपटी असल्याचं तिने जाहीर करून टाकलं.

गाजावाजा याच मोहिमेचा झाला. इक्वेडोरच्या तुकडीच्या वाट्याला कष्ट आले, श्रेय फार उशिरा. अँडीजच्या शिखरांवर धुकं निवळण्याची वाट पाहत त्यांचे आठवडे जात. तुकडीचा शल्यवैद्य कुएंका शहरात जमावाच्या मारहाणीत दगावला. नेत्यांमध्ये बोलणंचालणं उरलं नव्हतं. मोजणी पुरी होऊन मंडळी परतू लागली तोवर जवळजवळ दहा वर्षं उलटली होती. त्यांचा अंश ५६,७५३ त्वाझ. पण कसाला उतरला तो हाच आकडा. लॅपलँडचा अंश १८०१ ते १८०३ मध्ये पुन्हा मोजला तेव्हा तो दोनशे त्वाझांच्या आसपास जादा धरलेला निघाला. लॅपलँड आणि इक्वेडोरचे मूळ आकडे एकत्र मांडले तर चपटेपणा १/२१० च्या जवळ येतो, म्हणजे खऱ्यापेक्षा बराच जास्त. नदीच्या बर्फावर चार इंचांची अचूकता साधणाऱ्या तुकडीची चूक ताऱ्यांच्या वेधात होती, असं बहुतेक अभ्यासक मानतात. दरम्यान फ्रान्समधलं रेखावृत्तही नव्याने मोजलं गेलं. पॅरिसजवळची जुनी आधाररेषाच हजारात एक इतकी चुकलेली आढळली आणि १७४४ मध्ये, लांबटपणाचा निकाल देणाऱ्या वेधशाळेच्या कासिनी घराण्यानेच अंश उत्तरेकडे वाढतो हे मान्य केलं.

दिशेचा वाद असा मिटला. राहिला आकडा. १७९९ मध्ये मीटर ठरवताना फ्रान्स आणि इक्वेडोरचे कंस जोडून चपटेपणा १/३३४ धरला गेला. ध्रुवापासून विषुववृत्तापर्यंतच्या अंतराचा एक कोटीवा भाग, अशी मीटरची मूळ व्याख्या होती. प्रत्यक्षात तो सुमारे ०.२ मिलिमीटर आखूड पडला.

यानंतरचा धागा भारतात येतो, आणि पाश्चात्त्य इतिहासांत त्याला अगदीच चार ओळी मिळतात हे खटकतं. १८०२ मध्ये मद्रासजवळ आधाररेषा मोजून सुरू झालेलं त्रिकोणमितीय सर्वेक्षण कन्याकुमारीपासून हिमालयाच्या पायथ्यापर्यंत पोचलं. सुमारे २,४०० किलोमीटरचा हा कंस पृथ्वीचा आकार काढण्यासाठी त्या काळातल्या सर्वांत मोठ्या साधनांपैकी एक होता. त्याचा पहिला प्रमुख हैदराबादहून नागपूरकडे जाताना जानेवारी १८२३ मध्ये वर्धा जिल्ह्यातल्या हिंगणघाटला वारला. त्याची कबर तिथेच आहे. त्याच्यामागून सूत्रं हाती घेणाऱ्या जॉर्ज एव्हरेस्ट या अधिकाऱ्याने भारतातली आणि युरोपातली मोजणी एकत्र करून १८३० मध्ये जो गोलाभ दिला तो 'एव्हरेस्ट गोलाभ'. त्याचा चपटेपणा १/३००.८०, म्हणजे आजच्या आकड्याच्या अगदी शेजारी. विषुववृत्तीय त्रिज्या मात्र साडेआठशे मीटरहून अधिक कमी पडली.

याच मोजणीतून एक अनपेक्षित गोष्ट हाती लागली. माळव्यातलं कल्याणपूर आणि उत्तरेतलं कलियाणा या दोन ठिकाणांमधला अक्षांशाचा फरक जमिनीवरच्या मोजणीतून एक आला आणि ताऱ्यांवरून दुसरा. तफावत ५.२३६ सेकंदांची, म्हणजे जमिनीवर दीडशेहून थोडे अधिक मीटर. हिमालयाचं वस्तुमान ओळंब्याला आपल्याकडे ओढतं म्हणून हे झालं असावं, अशी शंका होती. १८५५ मध्ये गणित मांडून पाहिलं तर हिमालयाने याच्या तिपटीच्या आसपास ओढायला हवं होतं. पर्वताखाली हलक्या खडकांची मुळं आहेत ही भूशास्त्रातली कल्पना या हिशेबातून पुढे आली. आणि 'चपटा गोलाभ' हे वर्णन पृथ्वीला तंतोतंत लागू पडत नाही, हेही उघड झालं. ओळंबा ज्या पृष्ठभागाला काटकोनात असतो तो गुळगुळीत गोलाभ नाही, त्यात उंचवटे आणि खळगे आहेत. त्यातला सर्वांत खोल खळगा आपल्या जवळच आहे, श्रीलंकेच्या दक्षिणेला हिंदी महासागरात. समुद्राची सरासरी पातळी तिथे आदर्श गोलाभापेक्षा सुमारे १०६ मीटर खाली आहे.

१९५८ मध्ये सोडलेल्या एका छोट्या उपग्रहाच्या कक्षेवरून चपटेपणा १/२९८.३ असा पक्का झाला. त्याआधी आंतरराष्ट्रीय आकडा म्हणून १/२९७ चालत होता. शिवाय दक्षिण ध्रुव उत्तर ध्रुवापेक्षा चाळीसेक मीटर जास्त दबलेला असल्याचं दिसलं आणि वर्तमानपत्रांनी लगेच 'पृथ्वी पेअरच्या आकाराची' असे मथळे दिले. चपटेपणाचे एकवीस किलोमीटर आणि या 'पेअर'चे चाळीसेक मीटर यांची तुलनाच होत नाही. तरीही शंभर गुणांच्या परीक्षांमध्ये 'पृथ्वीचा आकार कोणता?' याला तीन-तीन पर्याय बरोबर ठरवून वाद घातले जातात, ते या मथळ्यांच्या कृपेने.

व्यवहारात या विशेषणाचा आकडा कुठे लागतो? अक्षांश सांगताना. मुंबईचा १९ अंश हा ओळंब्याचा अक्षांश आहे. केंद्राशी धरलेल्या कोनाने तो सुमारे ७ मिनिटांनी कमी भरेल, आणि जमिनीवर हा फरक तेरा किलोमीटरच्या आसपास जातो. शिखरांच्या उंचीतही तेच. समुद्रसपाटीपासून एव्हरेस्ट सर्वांत उंच, पण पृथ्वीच्या केंद्रापासून सर्वांत दूर आहे इक्वेडोरमधलं चिंबोराझो, कारण ते फुगीर पट्ट्यावर उभं आहे.

आणि लागतो तो नकाशात. भारतातली जुनी टोपोशीट (डोंगर, नद्या, वाटा दाखवणारे सरकारी सर्वेक्षणाचे नकाशे) एव्हरेस्ट गोलाभावर आखलेली आहेत, जीपीएस चालतं ते १९८४ च्या जागतिक गोलाभावर, ज्याचा चपटेपणा १/२९८.२५७. दोन्ही गोलाभांचे आकार वेगळे आणि त्यांची केंद्रंही वेगवेगळ्या जागी. त्यात फुटाचं मीटर करताना वेगवेगळे गुणक वापरले गेल्याने 'एव्हरेस्ट'च्याही एकाहून अधिक आवृत्त्या आहेत. चपटेपणा तोच, त्रिज्येत मात्र पंचवीसेक मीटरचा फरक. सह्याद्रीत जुनं टोपोशीट घेऊन फिरणाऱ्यांना याचा अनुभव येतो. जीपीएसवरचा बिंदू जसाच्या तसा नकाशावर उतरवला तर महाराष्ट्रात तो शंभर-दीडशे मीटर बाजूला पडतो. मोकळ्या पठारावर हे खपून जातं, पण कड्यावरून उतरणारी नाळ शोधताना नाही. २००५ च्या राष्ट्रीय नकाशा धोरणाने सर्वांसाठी खुल्या नकाशांची मालिका जागतिक गोलाभावर नेली आणि संरक्षणाच्या नकाशांसाठी एव्हरेस्टही चालू ठेवला. जुनं टोपोशीट हाताशी असेल तर जीपीएसच्या सेटिंगमध्ये भारतीय संदर्भ (डेटम) निवडावा आणि नंतर ओळखीच्या एखाद्या मंदिरावर किंवा त्रिकोणमितीच्या खांबावर उभं राहून तो जुळतो का ते पाहावं.