राइमिंग स्लँग (कॉकनी)

राइमिंग स्लँग हा लंडनच्या ईस्ट एंडमधल्या कॉकनींच्या, म्हणजे तिथल्या कामगार वस्तीतल्या मूळ रहिवाशांच्या, बोलण्याचा प्रकार. यात म्हणायचा असतो एक शब्द, पण त्याच्याशी यमक जुळणारी दुसरीच शब्दजोडी तोंडातून निघते. एवढ्यावर भागलं असतं तर जरा कान देऊन ऐकणाऱ्याला कळलंही असतं, पण बऱ्याचदा जोडीतला यमक जुळणारा शब्दच गाळून टाकतात, आणि मग जे उरतं त्याचा मूळ शब्दाशी ना आवाजाने संबंध ना अर्थाने. 'हेड'ला यमक 'लोफ ऑफ ब्रेड', त्यातला ब्रेड गेला आणि राहिला लोफ, म्हणून 'यूज युवर लोफ' म्हणजे डोकं चालव. आता डिक्शनरीत लोफचा पहिला अर्थ पाव, तो धरून बसलात तर संपलंच. तसंच 'लुक'साठी 'बुचर्स हुक', पण म्हणताना नुसतं 'हॅव अ बुचर्स', म्हणजे बघ जरा. 'मेट'ची 'चायना प्लेट', म्हणून दोस्ताला चायना. 'लाइज'चं 'पोर्क पाइज' आणि मग लाडाने पोर्कीज, म्हणजे थापा. सगळंच तुटतं असं मात्र नाही, फोनला 'डॉग अँड बोन' पूर्णच म्हणतात.

आपली 'च'ची भाषा कळायला एकदा युक्ती समजली की झालं, इथे तसं चालत नाही, प्रत्येक जोडी पाठच असावी लागते.

जॉन कॅम्डेन हॉटन याने 1859 च्या आपल्या स्लँगच्या कोशात या शब्दांची वेगळी यादी दिली आणि हा प्रकार साधारण 12 ते 15 वर्षांपूर्वी सुरू झाला असं लिहिलं, म्हणजे 1840 च्या दशकात. त्याने नाव घेतलं ते लंडनच्या सेव्हन डायल्स भागातल्या रस्त्यावर गाणी म्हणत, ओरडत कागद विकणाऱ्यांचं. भाजीफळं विकणाऱ्या फेरीवाल्यांची वेगळी बोली होती, त्यात शब्द उलटा म्हणायचे, 'बॉय'चा 'यॉब' तिथलाच. चोरांनी पोलिसांना चकवायला ही भाषा काढली असं हमखास सांगतात, ऐकायला भारी वाटतं पण पुरावा तसा काही नाही, निव्वळ मजा म्हणूनही माणसं असलं बोलतातच की.

खरी गंमत डिक्शनरीत शिरलेल्या शब्दांची. 'बर्क' म्हणजे मूर्ख, सौम्य शब्द, घरात मुलांसमोरही चालतो. पण तो आला 'बर्कली हंट' किंवा 'बार्कशर हंट' यावरून, आणि त्यातल्या हंटला यमक जुळतं ती इंग्रजीतली अगदी घाणेरडी शिवी. बोलणाऱ्या कित्येकांना हे माहीतच नसतं. तोंडाने पर्र आवाज काढून चिडवण्याला 'रास्पबेरी' म्हणतात तेही असंच, 'रास्पबेरी टार्ट'ला यमक 'फार्ट', आणि वाईट सिनेमांना देतात त्या गोल्डन रास्पबेरी पुरस्काराचं नावही या चिडवण्यावरूनच पडलं.

'अ‍ॅरिस' तर कहर आहे. बुडाला इंग्रजीत जो असभ्य शब्द आहे त्याला यमक 'बॉटल अँड ग्लास', त्याचं झालं बॉटल, मग बॉटलला यमक अ‍ॅरिस्टॉटल, आणि तो तोडून अ‍ॅरिस! एवढा मोठा ग्रीक तत्त्वज्ञ, शेवटी बसला कुठे. त्याच शब्दासाठी 'खायबर पास'ही आहे, म्हणजे आपली खैबरखिंड, पण हे यमक 'र' न उच्चारणाऱ्या आणि 'पास'मधला 'आ' लांब ओढणाऱ्या दक्षिण इंग्लंडच्या तोंडातच बसतं, अमेरिकन माणसाला ते जुळतच नाही. त्या अमेरिकन माणसाला, म्हणजे 'यँक'ला, 'सेप्टिक टँक' म्हणतात, ऑस्ट्रेलियात त्याचं 'सेपो' झालंय.

जुन्या व्याख्येप्रमाणे सेंट मेरी-ल-बो चर्चच्या घंटा ऐकू येतील अशा अंतरावर जन्मला तोच कॉकनी, आणि ते चर्च 1941 च्या बॉम्बहल्ल्यात उद्ध्वस्त होऊन घंटा परत वाजल्या थेट 1961 ला, म्हणजे काटेकोर धरलं तर मधल्या 20 वर्षांत एकही कॉकनी जन्मला नाही.

शब्दांची भर पडतच असते आणि त्यात माणसांची नावं भरपूर. रुबी मरे ही बेलफास्टची गायिका, 1955 मध्ये एकाच आठवड्यात तिची 5 गाणी ब्रिटनच्या टॉप 20 मध्ये होती, आज ती गाणी फार कोणाला आठवत नसतील पण 'करी'ला तिचं नाव चिकटलंय ते चिकटलंच, 'गोइंग फॉर अ रुबी' म्हणजे इंडियन हॉटेलात जेवायला जायचं. 2009 मध्ये लंडनमधल्या काही एटीएमवर भाषा निवडताना इंग्रजीसोबत कॉकनीचाही पर्याय ठेवला होता, तिथे कॅशला 'सॉसेज अँड मॅश' आणि पिनला 'हकलबेरी फिन'.